अ‍ॅनापोलिसचा सुलटा झेंडा

अमेरिकेतल्या हर्नडनहून निघालो तेव्हा पाऊस भुरभुरत होता. "बाबा, आजचं कॅन्सल करू या का? नेक्स्ट वीकेंडला जाऊ," असं तिथे राहणारी माझी मुलगी मेधा दोनदा म्हणाली. पण पुढच्या शनिवारी माझं परतीचं विमान होतं. जुन्या लढाईत अमेरिकन नौदलाने नेलेला एक झेंडा कोरियाला परत हवा आहे, असं मी त्या वर्षी, २००६ साली, वाचलं होतं. तो जाण्याआधी मला बघायचा होता. मेधाला वाटलं, म्हाताऱ्या फौजीची हौस.

अ‍ॅनापोलिस हे खाडीकाठचं, विटांच्या रस्त्यांचं गाव. संग्रहालय नौदलाच्या अकादमीत; तिच्या फाटकावर पहारेकऱ्याने ओळखपत्र मागितलं आणि माझा पासपोर्ट गाडीत राहिलेला. "आम्हाला जन्मभर शिस्त शिकवलीत," असं पुटपुटत मेधा भर पावसात तो घेऊन आली.

संग्रहालयातला तो झेंडा दोन पुरुष उंचीचा, पिवळट, जाड कापडाचा. कडा झिजलेल्या. मधोमध एकच काळं अक्षर. आमच्या फौजेत शत्रूचा जिंकलेला झेंडा उलटा टांगतात. माझ्या पलटणीच्या मेसमध्ये (अधिकाऱ्यांच्या भोजनगृहात) मी आणलेला झेंडा एकाहत्तरच्या युद्धापासून तसाच आहे. म्हणून मी तिथल्या सेवकाला सहज विचारलं, आमच्या मेसमधला उलटा आहे, हा सुलटा का लावलाय?

उत्तर शेजारच्या वृद्ध कोरियन गृहस्थांनी दिलं. "उलटा लावला तर मी वाचू कसा?"

त्या अक्षराचा अर्थ सेनापती, असं त्यांनी सांगितलं. तो सेनापती किल्ल्यावरच पडला. बंदुकीची दारू संपल्यावर त्याच्या माणसांनी दगड फेकले, मग मूठमूठ माती शत्रूच्या डोळ्यांत फेकली. हे सांगताना त्यांचा आवाज चढला नाही. मग त्यांनी विचारलं, तुमच्याकडचा कसा मिळाला?

पस्तीस वर्षं मी याचं एकच उत्तर देत आलो होतो. मेसमधल्या झेंड्याखालचं कार्डही मीच लिहिलं आहे: 'हातघाईच्या लढाईत हस्तगत'. त्या दिवशी मात्र त्या कापडासमोर ते तोंडातून निघेना.

मी खरं सांगितलं. आम्ही शत्रूच्या चौकीत शिरलो तेव्हा लढाई संपली होती. बंकरमध्ये एक तरुण अधिकारी पडला होता. त्याने झेंड्याची घडी पोटावरच्या जखमेवर दाबून धरली होती. मी ती ओढली. "इसे रहने दीजिए," तो म्हणाला. मी बाहेर येऊन जवानांना झेंडा दाखवला, जयजयकार झाला. डॉक्टर पोचेपर्यंत तो गेला होता. डाग पलटणीच्या धोब्याने काढले.

"त्याचं नाव काय होतं?" कोरियन गृहस्थांनी विचारलं.

"विचारलं नाही."

ते पुन्हा झेंड्याकडे वळले.

जेवायला बंदरावर गेलो. मेधाने क्रॅबकेक (खेकड्याच्या मांसाची तळलेली वडी) मागवले. तिने ते काट्याने नुसते चिवडले. मग विचारलं, आईला माहीत होतं? मी नाही म्हणालो.

"शाळेत मी त्या झेंड्यावर भाषण केलं होतं, बाबा. फर्स्ट आले होते. तुम्ही पहिल्या रांगेत बसला होतात. टाळ्या वाजवल्यात."



साताऱ्याला घरी परतल्यावर कार्ड बदला म्हणून मी पलटणीला पत्र लिहिलं. नवा मजकूरही पाठवला: 'जखमी अधिकाऱ्याच्या जखमेवरून काढून घेतला. त्याचा त्यात मृत्यू झाला.' पलटणीतल्या एका तरुण अधिकाऱ्याचा फोन आला. तो फार अदबीने बोलला. "सर, जवानांना त्या कार्डाचा अभिमान आहे," म्हणाला.

तो कोरियन झेंडा कुठे राहावा, हे सरकारं ठरवतील. आमच्या मेसमधलं कार्ड अजून तेच आहे. कधी त्या मेसमध्ये गेलात, तर ते वाचून सलाम करू नका. ते मी लिहिलं आहे आणि ते खोटं आहे.