बाळूभाऊंची साक्ष

बाळूभाऊ मुकादम प्रत्येक पोत्याशी नातं जोडायचे. साखरेचं पोतं म्हणजे मेहुणी, तांदळाचं मावशी आणि सिमेंटचं म्हणजे सासरा. "उचलला तर कंबर धरतो, ठिवला तर धूळ उडवतो. दुसरं कोण असनार?" असं म्हणत ते पाठ वाकवायचे आणि हमालांची अख्खी टोळी हसत कामाला लागायची. आंबी गावात ही टोळी ज्या गोदामात हमाली करायची, त्याच्यासमोरच माझा ट्रकचा वजनकाटा आहे. हे नाटक मी वर्षानुवर्षं फुकट पाहिलं.

टोळीत मारुतीआबा होते. वय झालेलं, पाठ गेलेली. ट्रकवर उभं राहून ते इतरांच्या पाठीवर पोतं द्यायचे, पण मजुरीत वाटा सगळ्यांच्या बरोबरीचा. गोदामावर नवा ठेकेदार आला आणि म्हणाला, "म्हातारा घरी बसवा. बाकीचे राहा."

"आबा घरी, तर आमीबी घरी," बाळूभाऊ म्हणाले.

ठेकेदारानं फाटक लावून घेतलं. टोळीनं केस केली, तर त्यानं कोर्टात सांगितलं, टोळी आपणहून काम सोडून गेली! रोज सकाळी फाटकाबाहेर ताटकळणारी टोळी मी डोळ्यांनी पाहिलेली. म्हणून पुण्याच्या कामगार न्यायालयात मीही साक्षीदार झालो.

तारखेला भाऊ लग्नातला फेटा बांधून यायचे. शिपायानं एकदा डिवचलं, "मुकादम, वरात कुठाय?"

"वरात हितंच हाय. नवरी मिळंल का न्हाई, ते सायेब सांगतील!"

सगळे हसायचे, पण टोळीतल्या घराघरांत ओढाताण सुरू झाली होती. केस हरली तर फाटक कायमचं बंद. आमच्या वकिलानं भाऊंना बजावलं होतं, "आबा सगळ्यांसारखी पोती उचलतात, एवढंच सांगा."

भाऊंनी शपथ घेतली आणि समोरच्या वकिलानं नेमकं तेच विचारलं.

"न्हाई," भाऊ म्हणाले. "आता त्यास्नी वझं झेपत न्हाई."

आमच्या वकिलानं कपाळावर हात मारला. समोरचा खुलला. "म्हणजे बिनकामाचा माणूस पोसताय?"

"वकीलसायेब, आबा तरणे हुते तवा टोळीतल्या म्हाताऱ्यांचं वझं त्यांनी उचललं. आता त्यांचं आमी उचलतो. उद्या माजी पाठ जाईल, तवा ही पोरं हायेत. टोळीची रीतच हाय ती."

न्यायाधीशांनी मागे उभ्या टोळीकडे पाहिलं. "तुमची कुणाची तक्रार आहे?"

"न्हाई सायेब!" अशी आरोळी उठली, की शिपायाला 'शांत, शांत' ओरडावं लागलं.

फाटकाबाहेर पाहिलेलं मीही साक्षीत सांगितलं आणि निकाल लागला: टोळीनं काम सोडलेलं नाही; होती तशी, आबांसकट कामावर घ्या.

दुसऱ्या दिवशी फाटक उघडलं. "चला, आटपा, गाड्या खोळंबल्यात," ठेकेदार म्हणाला. भाऊ जागचे हलले नाहीत.

"आदी आबा."

मारुतीआबा काठी टेकत, सावकाश निघाले. माझ्या काट्यावरचा ट्रकवाला हॉर्नवर हॉर्न देत होता. मी खिडकीतून अर्धा बाहेर आलो आणि ओरडलो, "गप रे! आमचे आबा कामावर चाललेत!"