गॅरिबाल्डी मास्तरांचा विडा

पालघरच्या एका शाळेत दिनानाथ राऊत नावाचे इतिहासाचे मास्तर होते. घरी आणि गावी ते तात्या. शाळेत मात्र पोरांनी त्यांचं नाव पाडलं होतं गॅरिबाल्डी मास्तर. ते कानावर आलं तेव्हा तात्या रागावले तर नाहीतच, उलट आठवडाभर जरा ताठ चालले.

इटलीचा धडा आला की तात्यांच्या अंगात यायचं. फळ्यावर इटलीचा लांबलचक बूट काढायचा, मग त्याचे तुकडे पाडायचे. इथे ऑस्ट्रियाची सत्ता, इथे पोपची, इथे नेपल्सचा राजा. त्या तुकड्यांचा एक देश करायला निघालेला मॅझिनी, राजकारणाचे डाव टाकणारा कॅव्हूर आणि लाल सदरे घातलेली हजार माणसं घेऊन सिसिलीवर उतरलेला गॅरिबाल्डी. मागच्या बाकावरची पोरंसुद्धा हातातली चिंच खायची विसरत.

फक्त एका जागी तात्या आपल्या लाडक्या गॅरिबाल्डीची साथ सोडत. फ्रान्सच्या बादशहाची मदत मिळावी म्हणून कॅव्हूरने नीस हे शहर त्याला देऊन टाकलं आणि गॅरिबाल्डी जन्मला होता नेमका त्याच शहरात. तो भर सभेत संतापला, मला माझ्या जन्मगावात परका केलं म्हणाला. तात्या इथे बोट वर करीत आणि सांगत, ‘मुलांनो, इथे तो चुकला. गाव लहान, राष्ट्र मोठं.’ नीसच्या लोकांचं मत घेतलं होतं, पण ते कसं घेतलं, निकाल आधीच कसा ठरल्यासारखा होता, एवढा भाग ते गाळत. परीक्षेत तो येत नसे.

साठ साली महाराष्ट्र झाला. तात्या मिरवणुकीत घसा बसेपर्यंत ओरडले. त्याच वाटणीत उंबरगाव तालुका गुजरातेत गेला, आणि तात्यांच्या बायकोचं, शालूचं, माहेर उंबरगावचं. हे आपलं नीस समज, मुंबई मिळाली हे काय थोडं झालं, असं तात्यांनी तिला समजावलं. शालूने त्यांना वाढलं, मागून आणखी भात घातला आणि स्वतः न जेवता भांडी घासायला बसली. तात्यांना वाटलं, पटलं तिला. बायको गप्प बसली की नवऱ्यांना असंच वाटतं, त्याला इलाज नाही.

तात्यांचं गाव माडवण. पालघर तालुक्यातल्या नवापूरच्या अंगाला, समुद्रापासून हाकेच्या अंतरावर. नारळी, केळी आणि त्यांच्या सावलीत विड्याच्या पानांच्या वाड्या. राऊतांची वाडी वडिलांची, म्हणून मान तात्यांचा, पण राबायची दमयंती, तात्यांची थोरली बहीण. आई गेली तेव्हा तात्या रांगत होते. तिनेच त्यांना वाढवलं. पुढे लग्नानंतर वर्षभरात नवरा गेला, ती माहेरी परतली आणि तिने त्या वेलींना जीव लावला. पानवाडीत कोणी पायताण घालून जात नसे. वेल लाजरी, तिला विटाळ खपत नाही, ती रुसते आणि सुकते, असं सगळं गाव मानायचं. तात्या पदवीधर झाले तरी कुंपणापाशी चपला काढूनच आत जात.

मग एका हिवाळ्यात मोजणीवाले आले. समुद्रकाठी काहीतरी अवाढव्य उभं राहणार होतं, त्यासाठी जमीन हवी होती. ते बूट घालून सरळ वेलींमधून चालत गेले आणि चुन्याने रंगवलेले दगड पुरून निघून गेले. दमयंतीने त्यांच्या पावलांवर पाणी शिंपडलं, गावदेवीला नारळ दिला. तरी त्या वर्षी वेलींच्या शेंड्यांना पिवळेपणा आला. पलीकडे खडकात सुरुंग उडू लागले. आवाजाआधी जमीन हलायची, मग फडताळातल्या पितळ्या वाजायच्या, मग आवाज यायचा. गावातली कुत्री सुरुंगाच्या वेळेआधीच घराघरांत शिरून बसू लागली. तात्या सुट्टीला आले की त्यांना हे सगळं दिसायचं. पण पालघरला परतले की त्यांना त्याचा विसर पडायचा.

एक दिवस गावकीचे म्हातारे प्रमुख, चिंतूनाना, पालघरला आले. जमिनीबद्दल गावाने सरकारला काय उत्तर द्यायचं ते ठरवायला बैठक होती. माडवणची रीत अशी की मोठ्या गोष्टीला होकार द्यायचा तर प्रत्येक घराने आपल्या वाडीतल्या पानांचा विडा गावदेवीपुढे ठेवायचा. पानं घरच्या बाईने खुडायची, विडा घरच्या पुरुषाने ठेवायचा. एका घराचा विडा कमी पडला तरी गावाचा नकार. आणि एकदा ठेवलेला विडा उचलायचा नाही. निम्मं गाव कुरकुरत होतं, तेव्हा शिकल्यासवरल्या माणसाने येऊन चार शब्द सांगावेत, असं नानांचं म्हणणं होतं.

तात्या गेले आणि बोलले. वर्गातसुद्धा कधी बोलले नसतील असे बोलले. इटली सांगितली, नीस सांगितलं, उंबरगाव सांगितलं. देशाने मागितलं आणि माडवणने दिलं, असं पुढची मुलं शिकतील म्हणाले. बायाबापड्यांच्या डोळ्यांत पाणी आलं. चिंतूनानांनी पहिला विडा ठेवला, मग एकेक घर उठलं. सुपारीचा वास देवळात दाटला. नकार देण्याची, निदान नवी जागा कुठे हवी यावर अडून बसण्याची गावाला तेवढी एकच संधी होती आणि ती तात्यांच्या देखत, तात्यांच्याच तोंडच्या शब्दांनी सरत चालली होती. त्यांना ते जाणवलंसुद्धा. पण बोलणाऱ्याला आपलं बोलणं रंगल्यावर थांबवत नाही.

शेवटी एकच घर उरलं, राऊतांचं.

तात्या घरी धावले. दमयंती उंबऱ्यात बसली होती, पुढे पानांची टोपली पालथी. तात्यांनी पानं मागितली. सगळं गाव आपल्यासाठी खोळंबलंय म्हणाले.

‘मी खुडली नाय,’ ती म्हणाली.

तात्यांनी पुन्हा समजावलं, मग आवाज चढवला. ती हलली नाही. देवळात माणसं वाट पाहत होती. मास्तरांच्याच घरचा विडा नाही, म्हणजे तोंड दाखवायला जागा उरली नसती. तात्या वळले, तरातरा वाडीत शिरले, हाताला लागली ती दोन पानं तोडली आणि बाहेर आले. कुंपणाशी आल्यावर त्यांचं लक्ष खाली गेलं. पायांत चपला होत्या.

दमयंतीने ते पाहिलं होतं. ती ओरडली नाही. एवढंच म्हणाली, ‘पोरं तुला गॅरिबाल्डी म्हनतात ना रं, दिना? पन गाव ज्याचं गेलं, तो गॅरिबाल्डी. देनारा दुसरा व्हता. तूच सांगितलंस मला.’

तात्यांनी विडा ठेवला. गावाने टाळ्या वाजवल्या. त्याच क्षणी सुरुंग उडाला आणि देवीपुढची समई विझली. कोणीतरी हसून ती पुन्हा लावली, पण माणसं लगबगीने घराकडे वळली.

पुढच्या उन्हाळ्यात माडवण उठलं. नवी वस्ती आत, माळावर मिळाली. घरं बरी होती, पाणी होतं, पण जमीन मुरमाड, आणि समुद्राचा वारा तिथे पोचायचा नाही. प्रत्येक घराने वेलींचे तुकडे ओल्या फडक्यात बांधून नेले होते. काहींना पालवी फुटली आणि गळून पडली. त्या वर्षी तात्यांनी इटलीचा धडा शिकवला, पण नीसपाशी आले आणि पुस्तक एका पोराला वाचायला दिलं. ते खिडकीकडे तोंड करून उभे राहिले. नीस पुढे कधीच परत मिळालं नाही, हे पुस्तकात नव्हतं. ते तात्यांना माहीत होतं आणि इतकी वर्षं त्यांना त्यात सांगण्यासारखं काही वाटलं नव्हतं.

दिवाळीच्या सुट्टीत ते शालूला घेऊन नव्या वस्तीत गेले. शालू सरळ दमयंतीजवळ जाऊन बसली. एकीने दुसरीचा हात धरला आणि तो बराच वेळ सोडला नाही. घरामागे दमयंतीने शेवग्याच्या वाळक्या खुंटांना वेली बांधल्या होत्या. खुंट उभे होते, वेलींच्या नुसत्या काड्या झाल्या होत्या. तात्या त्या बाजूला गेले. तिथे कुंपण नव्हतं. तरी त्यांचे पाय आपोआप थबकले, ते वाकले आणि चपला काढू लागले.

दमयंती मागून आली.

‘ऱ्हाऊ दे, दिना,’ ती म्हणाली. आवाजात राग नव्हता, लहानपणी जेवायला हाक मारायची तोच आवाज होता. ‘घालूनच ये. हितं आता वाडी नाय.’

तात्या एक चप्पल हातात धरून तसेच वाकून राहिले.