मागच्या खोलीतला वास

खोटं बोलणारा माणूस कधी सुखी होत नाही, असं मी लातुरात आयुष्यभर पोरांना शिकवलं. मी झालो. कसा झालो, ते आजवर कुणाला सांगितलेलं नाही. बायकोला सांगायची गरजच पडली नाही – तिला नाक आहे.

गोष्ट नाकाचीच आहे. पण थांबा, आधी पाण्याची सांगतो.

लातूर नुकतंच जिल्हा झालं होतं. कचेऱ्यांना नव्या पाट्या लागल्या, कमानी उभ्या राहिल्या, भाषणं झाली. पाऊस तेवढा झाला नाही. ज्याच्या दारात भरलेलं पिंप, तो खरा कलेक्टर. अशा दिवसांत मी मागची खोली नागनाथला भाड्यानं दिली. मुदखेडकडचा माणूस. सोबत बायको शेवंता, आणि सामान म्हणजे पिंपंच पिंपं. त्या साली पिंपांबद्दल कोण विचारणार? नागनाथ कुठून तरी बैलगाडीवर पाणी आणायचा आणि पहिलं पिंप माझ्या दारात भरून ठेवायचा. न मागता.

मग वास यायला लागला. आंबलेल्या गुळाचा. मला आधी वाटलं – नाही, वाटलं वगैरे काही नाही. कळलंच. गावठी दारू. घरमालकानं जाणूनबुजून जागा वापरू दिली तर तोही आरोपी, एवढा कायदा मी वाचलेला होता. वाचून मी काय केलं? खिडकी लावून घेतली. अंघोळ मात्र रोज होत होती. नव्या जिल्ह्यात असं किती जणांना म्हणता येत होतं?

एक्साइजचे साहेब सकाळीच आले, अख्ख्या गल्लीसमोर. खोलीतली पिंपं उलटी केली तेव्हा नाली दुथडी भरून वाहिली. एवढं ओलं गल्लीनं वर्षभरात पाहिलं नव्हतं. साहेब माझ्याकडे वळले. मधे एक भिंत, तिला एक खिडकी – तुम्हाला वास आला नाही, सर? नोकरी, पेन्शन, नाव, सगळं त्या प्रश्नाला टांगलेलं. बोलला तो बेडी घातलेला नागनाथ.

"सरला वासच येत न्हाई, साहेब. म्हणून तर ही खोली धरली."

मी होकारार्थी मान हलवली. पुढे कोर्टात शपथ घेऊन पुन्हा हलवली. नागनाथ जेलात गेला, मी सरकारी साक्षीदार झालो. शेवंता विचारायला आली, हे सुटून येईपर्यंत खोलीत राहू का? मी म्हणालो, हे अब्रूदाराचं घर आहे. कुठे गेली ते विचारलं नाही. ज्यानं मला वाचवलं त्याच्या बायकोला मी बाहेर काढलं – आणि, खरं सांगू? त्या रात्री मला उत्तम झोप लागली.

नाक नसणं निभावायला अंगात कला लागते. अत्तरवाल्यासमोरून कोरड्या चेहऱ्यानं जायचं. मेलेल्या उंदरावर शेजारी तक्रार करतात तेव्हा आश्चर्य दाखवायचं. मी कधी चुकलो नाही.

सुटल्यावर नागनाथ एकदा आला. माझ्या दारातलं पाण्याचं पिंप त्याचं होतं, ते न्यायला. ओट्यावर शेजारचे दोघं-तिघं बसलेले. तो दारात थांबला, हवा हुंगली आणि हसला.

"सर, आत पिठलं करपून राह्यलं."

करपतच होतं, मघापासून; बायको चुलीवर ठेवून पाण्याला गेली होती. मी म्हणालो, "असेल बाबा. मला काय कळतंय."

त्यानं पिंप खांद्यावर घेतलं आणि गेला. पिठल्याचा कोळसा होईस्तोवर मी जागचा हललो नाही. ओट्यावरच्या मंडळींनी हळहळून माझ्याकडे पाहिलं. असा विजय फार थोड्यांच्या वाट्याला येतो.

पुढे जिल्ह्याच्या वाढदिवसाला गल्लीकरांनी माझा सत्कार केला, जागरूक घरमालक म्हणून. अध्यक्षांनी सत्य आणि निर्भयता यांवर बरंच भाषण केलं. शाल दिली, नारळ दिला, आणि अत्तराची एक छोटी बाटली. बाटलीवर नाव नव्हतं.

केवडा होता.