सातव्या प्रश्नाचं उत्तर

या ग्रुपवरचे भुताखेतांचे अनुभव मी डबा खाताना वाचायचो आणि हसायचो. म्हणून आज लिहिताना लाज वाटतेय...

मी चंदगडकडचा. नववीत शाळा सुटली, भटकत हिंगणघाटच्या एका जिनिंगमध्ये, म्हणजे कापसातली सरकी काढायच्या कारखान्यात लागलो. तिथले जुने ऑपरेटर काकाजी. त्यांनी मला कॉम्प्युटर शिकवला, शिकलेली पोरं सोडून माझ्यासाठी मालकांकडे शब्द टाकला. आज मला ऑफिसात खुर्ची आहे ती त्यांच्यामुळे.

काकाजींची एक सवय होती. कुठलंही मशीन बंद करायचं तर आधी आवारभर फिरून एकेकाला विचारायचे — "बंद करू काय?" एक जण जरी थांबा म्हणाला तर बटणाला हात लावायचे नाहीत. आम्ही त्यांची नक्कल करायचो.

यंदा मालकांनी सगळे प्रोग्रॅम क्लाउडवर न्यायचं ठरवलं. म्हणजे आमच्या खोलीतले कॉम्प्युटर बंद, काम लांबच्या सर्व्हरवर. नागपूरच्या कंपनीनं आधी प्रश्नांची यादी पाठवली. कोणता प्रोग्रॅम कुठे चालतो, कशाला जोडलाय... सातवा प्रश्न — हे मशीन बंद केल्यास कोणाचं काम अडेल?

काकाजी तेव्हा सावंगीला दवाखान्यात होते. त्यांचाच फोन आला. "येऊन जाजो पोरा. कोणतं मशीन कशाले लागते ते सांगून देतो. कागदावर नाई ते." मी रविवारी येतो म्हटलं. गेलो नाही. यादी खुर्चीत बसूनच भरली. कोपऱ्यातल्या जुनाट कॉम्प्युटरपुढे लिहिलं — कोणाचंही नाही.

गुरुवारी काकाजी गेले.

शनिवारी भर दुपारी जेवणाची सुट्टी होती. आवारात कोणी नाही. मी त्या जुन्या कॉम्प्युटरच्या बटणावर हात ठेवला, तेवढ्यात सिंधूमावशी धापा टाकत दारात आल्या. कापसाच्या गंजीवर काम करतात. पंधरा दिवस सेलूला लेकीकडे होत्या, नुकत्याच बसमधून उतरून थेट गंजीवर गेलेल्या.

"थांबा म्हटलं ना काकाजीले, मंग काऊन बंद करून राह्यला? गंजी तापली का भोंगा वाजते, तो याच्यावरच हाय. आमी गंजीत जळून मरू काय?"

मी विचारलं, काकाजी कुठे भेटले?

"आत्ताच तर इचारून गेले, बंद करू काय म्हनून."

मी बटणावरचा हात काढला. काकाजी गेल्याचं त्यांना माहीतच नव्हतं. त्या पदरानं घाम पुसत सहज बोलून गेल्या —

"तुमीच येणार होते म्हने. काकाजी म्हनत होते, पोराले सवड नाई भेटली... म्हनून मीच आलो."

तो कॉम्प्युटर अजून चालू आहे. पुढच्याच आठवड्यात भोंगा वाजला, गंजीतून धुमसता कापूस बाहेर काढला. मावशी त्याच बाजूला होत्या.

मावशींना कोण भेटलं, मला माहीत नाही. आता काहीही बंद करायचं असलं की मी आवारभर फिरून विचारतो. पण ज्यांना विचारायला जायचं होतं, त्यांच्याकडे जायचं राहिलंच.