ड्रायव्हरच्या सीटवरून

बापूकाका काल दुपारी जेवून आडवे झाले, ते उठलेच नाहीत.

आमच्या शाळेच्या गेटवर रोज उभे राहणारे बापूकाका.
पगार नाही, शिट्टी नाही, युनिफॉर्म नाही. नातीला सोडायला यायचे आणि घंटा होईपर्यंत थांबायचे.

त्याआधी तीस वर्षं एसटीच्या लाल गाडीवर ड्रायव्हर. रत्नागिरी ते जयगड.

मी त्याच शाळेत पहिलीची बाई.

सहा वर्षं झाली, पण ती सकाळ अजून स्वप्नात पाहिल्यासारखी आठवते.
थंडीचे दिवस. समुद्राकडून धुकं चढावर आलेलं. मिरकरवाड्याच्या मासळी बंदराकडे जाणारे बर्फाचे टेम्पो नुसते आवाजाने कळत होते.

गेटसमोर एक स्कूल व्हॅन रिव्हर्स घेत होती.
तिच्या मागे माझ्या वर्गातला अर्णव वाकून पाण्याची बाटली उचलत होता.

मी बघत होते. ओरडायचं होतं. आवाजच फुटेना.

बापूकाकांनी धावत येऊन व्हॅनच्या पत्र्यावर दोन्ही हातांनी थाप मारली.
व्हॅन थांबली. चाक आणि अर्णव यांच्यात वीतभर अंतर.

व्हॅनचा ड्रायव्हर संदेश. पंचविशीतला असेल. खाली उतरला आणि रस्त्यातच मटकन बसला.
"दिसलाच नाय ओ. आईशप्पथ दिसला नाय."

अर्णवचे बाबा गेटवरच होते. त्यांनी संदेशची कॉलर धरली. आणखी दोघंतिघं धावून आले.

काका मध्ये उभे राहिले.
"तो खोटं नाय बोलत. मला पण दिसला नसता."

मग व्हॅनची चावी काढून खिशात टाकली आणि अर्णवच्या बाबांना म्हणाले, "तुम्ही बसा सीटवर. पाच मिनिटं. मग काय मारायचं ते मारा."

ते बसले. काकांनी सात-आठ मुलांना व्हॅनच्या मागे उकिडवं बसवलं.
"आता आरशात बघा. किती पोरं दिसतात?"

त्यांनी डावीकडे पाहिलं. उजवीकडे पाहिलं. बराच वेळ.

"एक पण नाही," म्हणाले. आणि खाली उतरले.

नंतर मीही बसले.
आरशात धुकं, तांबडी माती, कुंपणाजवळचं आंब्याचं झाड. मागून मुलांचं खिदळणं अगदी स्पष्ट ऐकू येत होतं, आणि मूल एकही नव्हतं.
माझा वर्ग कुठेतरी विरघळून गेल्यासारखा.

उतरल्यावर काकांना हळूच सांगितलं, "मला ओरडताच आलं नाही."
"होतं असं, बाई. पुढच्या वेळी तोंड उघडत बसू नका. पत्र्यावर हात मारा."

त्या आठवड्यापासून सगळ्या गाड्या खालच्या मैदानात थांबायला लागल्या. गेटवर रिव्हर्स बंद. मुलं रांगेने चालत वर यायची.

पालक कुरकुरले. "एवढं कोण चालणार? उशीर होतो."
"होऊ दे. बाई थांबतील," काका म्हणायचे.
मी थांबायचे.

आणि दरवर्षी जूनमध्ये पहिलीचं प्रत्येक मूल एकदा ड्रायव्हरच्या सीटवर बसायचं. मागे त्याचे मित्र. "दिसतात का रे?" "नाही." "मग तू मागे असलास तर ड्रायव्हरला दिसशील?"
एवढाच धडा. माझा एकही धडा मुलांना इतका लक्षात राहत नाही.

एकदा मोहोराच्या दिवसांत, घंटा झाल्यावर, आम्ही दोघंच गेटवर होतो. मी विचारलं,
"काका, तुमच्या हातून कधी काही...?"

"नाय. तीस वर्षांत एकदा पण नाय."

मग रस्त्याकडे बघत म्हणाले,

"त्याचीच भीती वाटते. किती पोरं माझ्या बंपरसमोरून निघून गेली असतील, मला ठाऊकच नाय. मी आपला हॉर्न वाजवून गाडी काढायचो. ती सगळी पोरं आता मोठी झाली असतील. कुठे कुठे असतील."

काल संध्याकाळी खांदा द्यायला संदेश पुढे होता. दुसऱ्या बाजूला अर्णवचे बाबा.

आज सकाळी गेटवर मी उभी राहिले. पाऊण तास. पाय भरून आले.
काकांना मी कधी बसलेलं पाहिलं नाही.

बापूकाका, सावकाश जा.
पहिलीच्या वर्गाकडून आणि तुमच्या बाईंकडून शेवटचा नमस्कार.