कडकी आणि पैसे नसणं

"कडकी आहे, दादा," असं म्हणून माझा नवरा हसला, आणि पडद्यामागे माझी मुलगी ओकली.

दारात त्याचे थोरले भाऊ चपला घालत होते. ते कल्याणला राहायचे, सरकारी कचेरीत नोकरीला होते. रविवार म्हणून आमच्याकडे दिव्याला आले होते. आले तेव्हा मुलगी झोपली होती. त्यांनी विचारलं, तेव्हा नवरा म्हणाला, "जरा कावीळ आहे, माळ घातलीय, उतरतेय." चहा झाला, गप्पा झाल्या. निघताना त्यांनी "काय रे, बरं चाललंय ना?" असं विचारलं, त्याचं हे उत्तर होतं.

तेही हसले. "अरे, आत्ता कडकी कोणाला नाही? वीस तारीख उलटून गेली. माझ्याही खिशात खडखडाट आहे." आणि ते गल्लीतून स्टेशनकडे चालू लागले.

मी बादली घेऊन मुलीशेजारी बसले होते. ती आमची एकुलती एक, मला उशिरा झालेली, तेव्हा शाळेत जाणारी. डोळे पिवळे झाले होते, नखंसुद्धा. सकाळपासून ती बरळत होती. मला शाळेतल्या बाई समजून पाढे म्हणून दाखवत होती, तेही चुकीचे. गल्लीतला डॉक्टर आदल्या संध्याकाळी सांगून गेला होता की मोठ्या दवाखान्यात न्या, वाट बघू नका. नवरा त्याला म्हणाला होता, "उद्या बघतो." बघायचं काय होतं? घरात रिक्षापुरतेही पैसे नव्हते.

हा कडकी शब्द आमच्या घरात नवऱ्याने आणला. माझ्या माहेरी, मुरबाडकडच्या गावात, तो नव्हता. तिथे 'नड' म्हणत. कोणी येऊन "नड आहे" म्हणालं की घरातलं माणूस हातातलं काम ठेवून खाली बसायचं आणि ऐकायचं. द्यायला काही नसलं तरी ऐकायचं. नड हसत सांगता येत नाही.

लग्न होऊन कोपरीच्या चाळीत आले, तिथे मी कडकी ऐकली. वीस तारखेनंतर सगळेच ती म्हणायचे. गॅलरीत एक जण हाक मारायचा, "चल रे, पिक्चर टाकू," आणि दुसरा म्हणायचा, "कडकी आहे यार." मग दोघं हसायचे. म्हणणाऱ्याच्या अंगात इस्त्रीचा शर्ट असायचा आणि घरात रविवारची कोंबडी शिजत असायची. समोरच्या खोलीत बँकेतल्या कारकुनाची बायको होती. ती कडकी म्हणत नसे, तिला तो शब्द हलका वाटायचा. ती म्हणायची, "महिनाअखेर जरा चणचण असते." ज्यांच्या घरी लग्नाच्या मुली होत्या, ते ओढाताण म्हणायचे. आणि चाळीत भांडी घासायला एक बाई येत असे, तिच्याकडे खरंच काही नसायचं. ती यातला कुठलाच शब्द वापरत नसे. दुकानदाराला ती एवढंच म्हणायची, "उद्या." मी तिच्या तोंडी दुसरं काही ऐकलं नाही.

मी चौथीपर्यंत शिकलेली बाई. शब्दांचा अभ्यास वगैरे मला येत नाही. पण बारा बिऱ्हाडांच्या त्या चाळीत राहून एवढं कळलं, की कडकीला दुसरं टोक असतं. त्या टोकाला एक तारीख असते. एक तारखेला पगार होतो, आणि कडकी सरते. म्हणून लोक ती हसत सांगू शकतात. पावसात अडकलेला माणूस वळचणीला उभा राहून हसतो तसं. पाऊस थांबणार हे त्याला माहीत असतं.

नवऱ्याला हा शब्द फार आवडायचा. मानपाड्याला एका छोट्या कारखान्यात तो पॅकिंगला होता. नळाला पाणी नसलं की म्हणायचा, "पाण्याची कडकी." भाजीत मीठ कमी पडलं की मिठाची कडकी. डोक्यावरचे केस गेले तेव्हा आरशासमोर उभा राहून तेच म्हणाला होता. चाळीत लोकांना तो हवासा वाटायचा. मलाही वाटायचा, खोटं कशाला बोलू.

मग कारखान्याचं शटर एक दिवस उघडलंच नाही. मालक कुठे गेला ते कोणाला कळलं नाही. मागचे पगारही गेले. कोपरीचं भाडं झेपेना, म्हणून आम्ही दिव्याला आलो. नवी चाळ, ओल्या भिंती, पाणी टँकरचं, आणि जे नळाला यायचं त्याची नळी गटाराला लागून. नवरा नाक्यावर उभा राहून मिळेल ते काम करायचा. पगार बंद झाला, पण शब्द बंद झाला नाही. भावाला, मित्रांना, भाजीवाल्याला, सगळ्यांना तो तसाच हसून सांगायचा, कडकी आहे. आणि ऐकणारे सगळे हसून पुढे जायचे. त्यांना वाटायचं, याची एक तारीख येणार आहे.

त्या पावसाळ्यात गल्लीत कावीळ शिरली. घराघरांत पिवळे डोळे. जवळच्या जुन्या गावात एक म्हातारा काविळीची माळ द्यायचा. मुळांच्या बारीक तुकड्यांची माळ, डोक्यावर टोपीसारखी बसवायची. कावीळ उतरते तशी ती वाढत जाते, गळ्यात येते, मग छातीवर, पोटावर. म्हातारा पैसे घेत नसे. पैसे घेतले तर गुण जातो म्हणायचा. अर्धी गल्ली माळा घालून फिरत होती. नवऱ्याने मुलीसाठी आणली. माझा माळेवर राग नाही, तिने कोणाचं वाईट केलं नाही. पण नवऱ्याचा तिच्यावर किती विश्वास होता हे मला कधी कळलं नाही. खिसा रिकामा असला की फुकटच्या औषधावर विश्वास बसायला वेळ लागत नाही.

तर, दीर गल्लीतून वळले आणि मी उठले. शेजारच्या खोलीत एक बौद्ध कुटुंब होतं, त्यांच्या ताईंना म्हटलं, "जरा पोरीजवळ बसा." त्या लगेच आल्या. नवरा म्हणाला, "कुठे निघालीस?" मी पायात चपला सरकवल्या.

आमच्यात थोरल्या दिराशी बाई समोरून बोलत नसे. काही सांगायचं तर नवऱ्यामार्फत किंवा जावेमार्फत. मुंबईच्या इतक्या जवळ राहूनही आम्ही ते पाळत होतो. म्हणूनच मघाशी सगळं बोलणं दोघा भावांत झालं होतं आणि मी पडद्यामागे होते.

स्टेशनच्या अलीकडे ते केळीच्या गाडीपाशी सापडले.

"काका, दीड डझन बांधू की दोन?" केळीवाला विचारत होता.

"अरे, एवढी कोण खाणार? एक बांध."

"दादा," मी म्हटलं.

ते वळले. मी त्यांना अशी हाक कधी मारली नव्हती. त्यांनी माझ्याकडे न बघता गाडीकडे बघत विचारलं, "काय गं? छत्री विसरलो का मी?"

"नाही. तुमच्या भावाला कडकी नाहीये."

"मग चांगलंच आहे की."

"पैसे नाहीत. कडकी पगारापर्यंत असते. त्याला पगारच नाही, होळीच्या आधीपासून. कारखाना बंद झाला."

केळीवाल्याचा हात थांबला. दीर आता माझ्याकडे बघत होते.

"पोरगी बरळायला लागलीये," मी म्हटलं. "डॉक्टर म्हणाला दवाखान्यात न्या. रिक्षाला पैसे नाहीत."

"मघाशी का नाही बोललीस?"

"मघाशी तुम्ही त्याच्याशी बोलत होता."

"अगं, तो हसत होता."

"तो हसतोच."

त्यांनी पाकीट काढलं, मला वाटलं आता काही नोटा हातावर ठेवतील आणि गाडी पकडतील. तेवढ्यानेही माझं काम झालं असतं. पण त्यांनी पाकीट परत खिशात घातलं, केळी गाडीवर ठेवली आणि म्हणाले, "चल."

केळीवाल्याने ती पिशवी मागून माझ्या हातात दिली. "घेऊन जा, मावशी. काका नंतर देतील."

घरी आलो तर नवरा मुलीचे पाय चोळत होता. मला म्हणाला, "दादाला कशाला सांगितलंस? काय वाटेल त्याला?"

"मला काय वाटायचं ते माझं मी बघतो," दीर म्हणाले. "तू रिक्षा आण. आणि परत कडकी म्हणालास तर कानाखाली देईन."

"बरं, नाही म्हणत," नवरा म्हणाला आणि पुन्हा हसला. सवयच ती.

रिक्षा आली. मुलीला मांडीवर घेऊन मी बसले, दीर शेजारी बसले. नवरा बाहेर उभा राहिला. "टँकर यायचाय. पाणी भरून येतो मागून." उजेडात दिरांनी त्याच्याकडे पाहिलं.

"तुझेही डोळे पिवळे दिसतायत रे."

"जागरण आहे, दादा. जा तुम्ही."

मीही पाहिलं. तेवढ्यात मुलीची मान एका बाजूला कलंडली, आणि दीर रिक्षावाल्याला म्हणाले, "चल."

सरकारी दवाखान्यात खाट फुकट मिळते. सलाइन, सुया, इंजेक्शनं बरीचशी बाहेरून आणावी लागली. दीर चिठ्ठी घेऊन खाली जायचे, पिशवी घेऊन वर यायचे. किती खर्च झाला ते त्यांनी मला कधी सांगितलं नाही, मीही विचारलं नाही. नर्सने मुलीच्या गळ्यातल्या माळेत बोट घातलं. "हे काय?"

"काविळीची माळ."

"कापू का?"

"कापा."

काही दिवस मुलगी तशीच होती. मग एका सकाळी डोळे उघडून तिने मला आई म्हणून हाक मारली आणि पाव मागितला. आजारपणात मी तेवढी एकदाच रडले, तेही पाव आणायला खाली उतरताना.

नवरा डबा घेऊन यायचा. ताई भात करून द्यायच्या, तो आणायचा, खाटेशेजारी जमिनीवर बसायचा. डब्यातलं स्वतः काही खायचा नाही, म्हणायचा वासाने मळमळतं. त्याच नर्सने एक दिवस त्याला उजेडात उभं केलं आणि विचारलं, "बाबा, तुम्हाला कोणी तपासलं का?" त्याने शर्टाची बटणं काढली. आत माळ होती, पोटापर्यंत आलेली. मला दाखवून म्हणाला, "बघ, उतरतेय."

त्याला खालच्या पुरुषांच्या वॉर्डात घेतलं. शेजारच्या खाटेवर एक ट्रकचालक होता. रक्त तपासायला नेताना नवरा त्याला म्हणाला, "सध्या रक्ताचीही कडकी आहे." तो ट्रकचालक पोट धरून हसला. मी तिथेच होते. नंतर चाळीत लोक म्हणाले, माणूस हसत हसत गेला. तसं काही झालं नाही. शेवटी तो मला ओळखत नव्हता, दादांनाही नाही. मुलीला चालवत खाली आणलं होतं, तिलाही नाही.

आता आम्ही डोंबिवलीला मानपाड्याच्या बाजूला भाड्याने राहतो. दोन खोल्या, नळाला पाणी. मुलगी ठाण्याला ऑफिसात जाते. दीर निवृत्त झाले. अजून येतात, माझ्याशी समोरासमोर बोलतात. "कसं चाललंय?" असं विचारलं की उत्तर ऐकायला थांबतात. कधी त्यांच्याच तोंडून कडकी निघते. मी विचारते, "कडकी की पैसे नाहीत?"

"पेन्शन आहे गं माझी," ते म्हणतात. "कडकीच."

मुलगी नोकरीला लागली त्या वर्षीची गोष्ट. मी चपात्या लाटत होते, ती फोनवर मैत्रिणीशी बोलत होती. "नाही यार, या वीकेंडला नाही जमणार. जाम कडकी आहे." माझं लाटणं थांबलं. तिने फोन ठेवून विचारलं, "काय झालं, आई?"

"पगार कधी आहे तुझा?"

"एक तारखेला. का?"

"मग म्हण."

"तू पण ना," ती म्हणाली आणि हसली. अगदी बापासारखी हसते. तिला तेव्हाचं फारसं आठवत नाही. तो शब्द तिने बापाकडून उचलला की ऑफिसातल्या पोरांकडून, मला माहीत नाही. ती म्हणते तेव्हा मी चपाती उलटते आणि मनात तारीख मोजते.

त्या पावसाळ्यात दिव्याच्या खोलीत आम्ही तिघं राहत होतो. मुलगी जगली आणि मी जगले.