हॉलमधला कॅमेरा आणि आईची वंदना

भूत-बित, बाहेरचं वगैरे आमच्याकडे कोणी मानत नाही. आजोबांनी बौद्ध धम्म घेतला तेव्हाच ते सगळं घरातून गेलं. त्यामुळे हे लिहिताना माझी मलाच लाज वाटतेय... पण लिहितो.

बदलापूरला, सोनिवलीच्या एका नव्या बिल्डिंगमध्ये मी आणि आई राहतो. शेजारचे फ्लॅट अजून रिकामेच आहेत. मी अंबरनाथ एमआयडीसीत कामाला, घरी यायला उशीर होतो. मध्यंतरी आई चक्कर येऊन पडली, म्हणून उल्हासनगरहून, फोनवरून बघता-बोलता येणारा वायफायचा कॅमेरा आणून हॉलमध्ये लावला. पासवर्ड डब्यावर छापलेलाच ठेवला आणि फॅमिली ग्रुपवर टाकला. मामा-मावशी कोणीतरी लक्ष ठेवेल, एवढाच विचार.

एकदा जेवताना आई म्हणाली, "बरं वाटतं रे. कामावरून पण संध्याकाळच्या वंदनेला असतोस."

"मी?"

"मग कोण? वंदना संपली की कॅमेऱ्यातून तीनदा 'साधु' म्हणतोस ना. मग मी तुला दिवसभराचं सगळं सांगते."

बुद्धवंदनेच्या शेवटी सगळ्यांनी तीनदा 'साधु' म्हणायचं, ही आमच्यातली पद्धत. पण मी कॅमेऱ्यातून एकदाही बोललो नव्हतो. ग्रुपवर विचारलं, तर कोणीच नाही.

दुसऱ्या दिवशी दुकान गाठलं. सिंधी दुकानदार म्हणाला, "साईं, डब्बे का पासवर्ड तो सबको मालूम रहता है. ये देखो." त्याने कॉम्प्युटरवर काहीतरी टाइप केलं आणि आमचा हॉल समोर आला. आई तांदूळ निवडत बसली होती. कुणीही सोम्यागोम्या तिला असं बघू शकत होता... मी त्याला तिथल्या तिथे हे सगळं बंद करायला सांगितलं.

त्याने नवा पासवर्ड टाकला, बाहेरून बघणं-बोलणं सगळं बंद केलं. कोणीतरी हलकट माणूस असणार, विषय संपला!

पुढच्याच आठवड्यात आई म्हणाली, "आज तुझा आवाज अगदी जवळून आला."

मी कॅमेरा भिंतीवरून काढला आणि कंपनीतल्या लॉकरमध्ये ठेवला. रविवारी स्वतः आईशेजारी वंदनेला बसलो. वंदना संपल्यावर हात जोडून तीनदा 'साधु' म्हटलं आणि थांबलो.

आणखी एक 'साधु' आला – आमच्या पाठीमागून.

मागे कोणी नव्हतं. भिंतीवर फक्त स्क्रूची भोकं. आईने माझा हात घट्ट धरला. "मग इतके दिवस मी सगळं कोणाला सांगत होते रे?"

मी आता फर्स्ट शिफ्ट घेतलीय, संध्याकाळी वंदनेला घरीच असतो. आई रोज वंदना घेते, पण शेवटचं ते 'साधु' आम्ही दोघंही म्हणत नाही. नुसते कान देऊन बसतो.